खडवलीच्या काठावरचं रडणं

लोक मला अजूनही रडण्यासाठी ओळखतात. ओळखणारे आता थोडेच उरलेत आणि त्यांची स्मरणशक्ती त्यांच्या गुडघ्यांइतकीच भरवशाची आहे. तरी वर्षाकाठी एखादं लग्न असं निघतंच, जिथे जेवणाच्या रांगेत एखादी बाई मला निरखून बघते आणि विचारते, "अहो, त्या सिनेमातल्या तुम्हीच ना? नदीवर रडणाऱ्या?" मी हो म्हणते. मग ती आपल्या सुनेला बोलावते, सून मोबाइलमधून डोकं वर न काढता "ओह, नाइस" म्हणते, आणि मी माझ्या ताटात मठ्ठा वाढून घेते. त्या सिनेमाचं नाव मी इथे लिहिणार नाही. ज्यांना आठवतं त्यांना सांगायची गरज नाही, आणि ज्यांना आठवत नाही त्यांचं सुख मी का घालवू? माझी गाण्यातली कारकीर्द तीन वर्षांची आणि अभिनयातली एका सिनेमाची. ती कशी सुरू झाली आणि कशी संपली, एवढंच या प्रकरणात सांगायचं आहे.

डोंबिवली पूर्वेला पिठाच्या गिरणीच्या वर आमच्या दोन खोल्या होत्या. सकाळी आठला गिरणी सुरू झाली की आमच्या फरशीला बारीक थरथर सुटायची, मांडणीवरचे पेले एकमेकांना लागून किणकिणायचे, आणि घरभर गरम पिठाचा वास भरायचा. बुधवारी मिरची दळायचे, त्या दिवशी आम्ही सगळेच शिंकत जेवायचो. बाबा कल्याणला एका सरकारी कचेरीत कारकून होते, पण ते स्वतःला कारकून समजत नसत. ते स्वतःला वाया गेलेला गायक समजत. घरात एक पेटी होती, तिचे दोन स्वर दाबले की वर यायचे नाहीत, आणि बाबांचा आवाज पत्र्यावर खडे ओतावेत तसा होता. तरुणपणी रेडिओच्या आवाज-चाचणीत ते नापास झाले होते. परीक्षकांना त्यांचं गाणं झेपलं नाही, असं ते पाहुण्यांना सांगायचे. पाहुणे मान डोलवायचे, कारण आई तोपर्यंत पोहे आणायची.

गिरणी पेटीच्या काळी दोन पट्टीत लागते, हा बाबांचा शोध. मी चार-पाच वर्षांची असताना फरशीवर पालथी पडून त्या आवाजात आवाज मिसळून गुणगुणत असायची. एक दिवस वीज गेली. गिरणीचा पट्टा मंदावत गेला, तिचा सूर घसरत खाली खाली येत बंद पडला, आणि मी तिच्याबरोबर तशीच घसरत खाली आले, कुठेही न अडखळता. बाबा अंघोळ करून टॉवेल गुंडाळून उभे होते. ते तसेच ओले माझ्यापाशी बसले आणि म्हणाले, "परत कर." मी परत केलं. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. पुढे कित्येक वर्षं ते ही गोष्ट लोकांना सांगत राहिले, आणि दर वेळी गोष्टीतलं माझं वय थोडं कमी होत गेलं.

त्या दिवसापासून माझं आंबट बंद झालं. चिंच नाही, आवळा नाही, कैरी नाही, बोरं नाहीत. आमचं मूळ घर मालवणकडचं. आंबोळ्या, काळ्या वाटाण्याची उसळ आणि वर वाटीभर सोलकढी, हे आईच्या हातचं रविवारचं जेवण. पण सोलकढीने गळा धरतो, असं बाबांना कुणीतरी सांगितलं होतं. माझ्या ताटापुढे सोलकढीऐवजी ज्येष्ठमधाचं कोमट पाणी ठेवलं जायचं. ऑक्टोबरच्या डोंबिवलीत, जिथे माणसं नुसत्या बनियनवर फिरत असतात, तिथे मी मफलर गुंडाळून शाळेत जायची. आई मात्र स्वयंपाकघरात मी गेले की आपलं बोट सोलकढीत बुडवून माझ्या जिभेला लावायची आणि पदराने माझे ओठ पुसायची. गळा काही बिघडला नाही.

परवा आमच्या घोडबंदर रोडच्या सोसायटीत तळमजल्यावरच्या बाई वर आल्या होत्या. त्यांची मुलगी टीव्हीवरच्या गाण्याच्या स्पर्धेत निवडीपर्यंत पोचली आहे. "आजी, तुम्ही लहानपणी गायचात ना? काही टिप्स द्या ना हिला," म्हणाल्या. मुलीच्या गळ्यात स्कार्फ होता. मी म्हटलं, "तिला चिंच खाऊ द्या." बाई हसल्या. त्यांना वाटलं, म्हातारी गमतीदार आहे.

कल्याणला कुसुमताई म्हणून एक गाणं शिकवणाऱ्या बाई होत्या. बाबांनी मला त्यांच्याकडे नेलं. ताई विधवा होत्या, घरात एकट्या राहायच्या, शिकवताना डोळे मिटून सुपारी कातरायच्या. त्यांनी माझं ऐकलं आणि बाबांना म्हणाल्या, "मुलगी चांगली आहे. दहा वर्षं हिला लोकांसमोर बसवू नका." बाबा "हो हो" म्हणाले आणि सहाव्या महिन्यात त्यांनी मला लोकांसमोर बसवलं. ताईंना ते कळल्यावर त्या काही रागावल्या नाहीत. मी पुढच्या वेळी गेले तेव्हा त्यांनी दार उघडलं, मला पाण्याचा पेला दिला आणि म्हणाल्या, "आता तुला माझी गरज नाही, बाळ." मला ती शाबासकी वाटली. बाबांनाही तसंच वाटलं. आम्ही दोघं आनंदात घरी आलो.

मग सुरू झाले कार्यक्रम. डोंबिवलीतले गणपती, कल्याणच्या पूजा, कुणाची साठी, कुणाच्या दुकानाचं उद्घाटन. मला झालरीचा फ्रॉक, दोन वेण्यांना लाल रिबिनी, आणि नावामागे "बालकोकिळा". निवेदक माझं वय दोन वर्षांनी कमी सांगायचा, ते बाबांनीच त्याला लिहून दिलेलं असायचं. आणि मी गायची काय? साजण परदेशी गेल्याची दुःखं. रात्र सरत नाही, शेज सुनी आहे, असल्या गोष्टी एक आठ वर्षांची मुलगी रिबिनी बांधून गायची आणि पुढच्या रांगेतले पोट सुटलेले गृहस्थ मांडीवर थाप मारून "वा" म्हणायचे. मला शब्दांचा अर्थ कळत नव्हता. पण कुठल्या ओळीवर "वा" येते ते मला चोख कळायचं. त्या ओळीच्या आधी मी थोडी थांबायची. हे मला कुणी शिकवलं नव्हतं. याचा मला तेव्हा अभिमान होता.

ठाण्याच्या टेंभी नाक्याच्या नवरात्रात एका बाजूच्या मंचावर माझं गाणं ठेवलं होतं. तिथे तावडे शेठ भेटले. त्यांचं नौपाड्यात लाद्यांचं दुकान होतं आणि त्यांना सिनेमा काढायचा होता. लाद्या विकून माणसाला जे मिळत नाही ते त्यांना हवं होतं. पुढ्यात येऊन त्यांनी माझ्या गालाला चिमटा काढला आणि बाबांना म्हणाले, "काय गाते राव पोरगी. डायरेक्ट काळजात. आपल्या पिक्चरमध्ये घेऊन टाकू. देवळात गाणारी पोर, आई मरते, असा रोल आहे." बाबांनी तिथल्या तिथे वाकून त्यांच्या पायाला हात लावला. तावडे शेठ बाबांपेक्षा वयाने लहान असावेत.

सिनेमात माझी तीन गाणी होती. मुंबईला ध्वनिमुद्रणाला गेलो तेव्हा कळलं की गाणी मी गाणार नाही. काचेपलीकडे चाळिशीच्या एक बाई चष्मा लावून उभ्या होत्या आणि नाकातून बारीक आवाज काढून माझी गाणी गात होत्या. तावडे शेठ बाबांना म्हणाले, "त्याचं काय आहे, मंजूचा आवाज माइकवर मोठ्या बाईसारखा येतो. पब्लिकला लहान पोर लहान वाटली पाहिजे. ती बाई बघा, कशी पोरीसारखी गाते." मला वाटलं बाबा आता मला उठवून घरी नेतील. बाबा म्हणाले, "बरोबर आहे, शेठ. तुम्हाला त्यातलं कळतं." डोंबिवलीला परतल्यावर त्यांनी गिरणीवाल्यापासून वरच्या मजल्यावरच्या गोखल्यांपर्यंत सगळ्यांना सांगितलं की मंजूने एका दमात तिन्ही गाणी दिली. मी शेजारी उभी होते. गोखलेकाकूंनी माझ्या हातावर साखर ठेवली. मी ती खाल्ली. आईने माझ्याकडे एकदा पाहिलं आणि ती भाकरीचं पीठ मळायला लागली. तिला ते तेव्हाच कळलं असावं.

चित्रीकरण खडवलीला, नदीच्या काठावर. आम्ही कल्याणहून कसाऱ्याच्या गाडीने सकाळी निघायचो, स्टेशनावरून बैलगाडीने काठावर. दिग्दर्शकांना सगळे भाऊसाहेब म्हणत. पांढरी टोपी, गळ्यात दुर्बीण, आणि बोलताना दर वाक्यामागे डोळे मिटायची सवय, म्हणजे मोठा विचार चाललाय असं वाटावं. त्यांनी याआधी नाटकं बसवली होती, ती कुणी पाहिली होती असं मला कधी कुणाकडून कळलं नाही. माझ्या आईचं काम करायला मालतीबाई म्हणून संगीत नाटकातल्या एक जुन्या नटी होत्या. दोन दृश्यांच्या मधे त्या झाडाखाली बसून भाजलेले शेंगदाणे खायच्या आणि सालं नीट एका कागदात गोळा करायच्या. त्या सबंध गर्दीत स्वतःचा कचरा उचलणाऱ्या त्या एकट्याच होत्या.

ज्या दृश्यासाठी मला लोक ओळखतात ते असं. आई नदीत बुडते. गावकरी तिला काठावर आणून ठेवतात. मुलगी धावत येते, बघते आणि रडते. संवाद नाही, नुसतं रडायचं. सकाळपासून ते जमत नव्हतं. मला गाताना "वा" कुठे येते ते कळायचं, पण इथे मला काहीच कळत नव्हतं. मालतीबाई ओल्या साडीत डोळे मिटून पडलेल्या, मी त्यांच्याशेजारी बसलेली, तोंड वेडंवाकडं करत. भाऊसाहेबांनी ग्लिसरीन घातलं. डोळे भळाभळा वाहायला लागले, झोंबायला लागले. भाऊसाहेब डोळे मिटून म्हणाले, "डोळे रडतायत. पोरगी रडत नाहीये."

जेवणाची सुट्टी झाली. वांग्याची भाजी आणि जाड भात होता, मी काही खाल्लं नाही. भाऊसाहेब आणि बाबा एका जांभळाच्या झाडामागे जाऊन बराच वेळ बोलत होते. तावडे शेठही मधे जाऊन आले. मग सगळे परत जागेवर आले, मालतीबाई पुन्हा आडव्या झाल्या, मला त्यांच्याशेजारी बसवलं, आणि बाबा माझ्यापाशी आले. कॅमेऱ्याकडे पाठ करून उकिडवे बसले. त्यांनी माझे दोन्ही हात हातात घेतले. त्यांचे हात गार होते.

"मंजू," ते म्हणाले, "घरून निरोप आलाय. आई गेली."

मला कळलं नाही. मी विचारलं, "कुठे?"

"खाली गिरणीत दळण आणायला गेलेली. पट्ट्यात पदर अडकला गं तिचा."

एवढं बोलून ते बाजूला झाले.

मी या वाक्यावर आयुष्यभर विचार केला आहे. आई गेली, एवढं पुरेसं होतं. भाऊसाहेबांनी त्यांना तेवढंच सांगायला सांगितलं होतं, हे नंतर मालतीबाईंच्या बोलण्यातून कळलं. पट्टा आणि पदर बाबांनी आपल्या मनाने घातले. साध्या ओळीवर हरकत-मुरकी घ्यायची त्यांना सवयच होती, आणि गाण्यात ती कधी जमली नाही. इथे जमली. तो पट्टा मी रोज बघत होते. आईचा पदर मी रोज धरत होते. मी ओरडले. काय ओरडले ते आठवत नाही. मी मालतीबाईंच्या अंगावर पडले, वाळूत हात आपटले, घराच्या दिशेने पळायला गेले, कुणीतरी मला धरून पुन्हा चौकटीत आणलं. आणि हे सगळं चालू असताना भाऊसाहेबांचा आवाज येत होता, "छान, छान, चालू दे."

मग कॅमेरामन म्हणाला, "भाऊसाहेब, अडकलाय. फिल्म पुढे सरकलीच नाही."

नदीपलीकडे कुणी तरी कपडे आपटत होतं, तेवढाच आवाज. भाऊसाहेब खुर्चीत बसले आणि त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. पहिल्यांदाच त्यांचे डोळे उघडे होते. मी अजून हुंदके देत होते. बाबा माझ्याजवळ आले आणि माझ्या पाठीवरून हात फिरवत घाईघाईने म्हणाले, "अगं, काही नाही झालं. आई घरी आहे. खोटं होतं ते. सिनेमासाठी. आई आत्ता भाकऱ्या भाजत असेल." आणि ते हसले. मी घाबरू नये म्हणून हसले असतील. मला ते हसू आजही दिसतं.

मेलेल्या मालतीबाई उठून बसल्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं, डोळे मिटून, प्रेत म्हणून. त्या बाबांना म्हणाल्या, "तुम्हाला निरोप एवढाच द्यायला सांगितला होता ना? मग ते गिरणीचं कशाला काढलंत? तुम्ही बाप आहात की कोण आहात?" तावडे शेठ दुसरीकडे बघायला लागले. मालतीबाईंनी आपल्या ओल्या पदराने माझं तोंड पुसलं आणि मला जवळ घेतलं. "चल, आपण पाणी पिऊ," त्या म्हणाल्या. "आता हे काम उद्या."

इथवरची गोष्ट मी आयुष्यात पुष्कळांना सांगितली आहे. ऐकणारे हळहळतात, बापाला नावं ठेवतात, आणि मी ठेवू देते. यापुढचं मी कुणाला सांगितलेलं नाही.

मी मालतीबाईंच्या मिठीतून बाहेर आले आणि भाऊसाहेबांना म्हणाले, "कॅमेरा नीट झाला की मी परत रडते. आता मला येतं."

भाऊसाहेबांनी टोपी डोक्यावर ठेवली. कॅमेरा अर्ध्या तासात नीट झाला. तो अर्धा तास मी कुणाशी बोलले नाही, काही खाल्लं-प्यायलं नाही, आतलं ते सांभाळून बसले होते, भरलेली कळशी हिंदकळू नये म्हणून बाई चालते तशी. मग मी जागेवर बसले आणि डोळ्यांसमोर गिरणी आणली. पट्टा आणला. आईची निळी, बारीक ठिपक्यांची साडी आणली, कारण तिचा पदर लांब होता. बाबांना पदर सुचला होता. मी साडी निवडली. आई खाली वाकली, पदर घसरला, पट्ट्याने तो ओढला, हे मी सावकाश, पायरीपायरीने पाहिलं आणि रडले. या वेळी मी कुठे पळाले नाही. चौकटीतच राहिले. मालतीबाईंच्या गालावर गाल ठेवला, कारण तसं केलं की माझा चेहरा कॅमेऱ्याकडे राहतो हे मला सकाळपासून कळलं होतं. शेवटचा हुंदका मी वर नेला, थोडी थांबले आणि हळूहळू खाली आणून सोडला. सिनेमात जे आहे ते हे आहे. नऊ वर्षांच्या मुलीने, आई घरी भाकऱ्या भाजते आहे हे पक्कं ठाऊक असताना, तिला मनातल्या मनात मारून काढलेलं.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. तावडे शेठनी शिट्टी मारली. मालतीबाई उठल्या, अंगावरची वाळू झटकली आणि माझ्याकडे बघितलं. मी त्या मला जवळ घेतील म्हणून उभी होते. त्या म्हणाल्या, "तुला कुणी फसवलं नाही गं. तू शिकलीस." आणि आपल्या झाडाकडे गेल्या. चित्रीकरणाचे आणखी चार दिवस होते. त्या चार दिवसांत त्या माझ्याशी कामापुरतं बोलल्या, शेंगदाणे दिले नाहीत.

संध्याकाळी घरी पोचलो. आई स्वयंपाकघरात होती. ती वळून म्हणाली, "आलीस? हातपाय धू." मी तिला मिठी मारायला हवी होती. मोठी झाल्यावर मी कल्पनेत कितीदा तरी मारली आहे. तेव्हा नाही मारली. मी तिच्याकडे बघत उभी राहिले आणि मला ती नेहमीपेक्षा थोडी लहान दिसली. वापरून झालेल्या वस्तूसारखी दिसली. मी हातपाय धुतले आणि जेवायला बसले.

सिनेमा लागला ठाण्याला. तावडे शेठनी सगळ्या लादीवाल्यांना फुकट बोलावलं होतं, त्यामुळे थिएटर भरलेलं होतं. दुपारचा खेळ. आई माझ्या डावीकडे, बाबा उजवीकडे. बाकीच्या सिनेमाबद्दल लिहिण्यासारखं काही नाही. देवळातल्या गाण्यांत माझ्या तोंडातून त्या चष्मेवाल्या बाई गात होत्या आणि माझे ओठ त्यांच्या मागून धावत होते. भाऊसाहेबांनी दर दहा मिनिटांनी सूर्यास्त दाखवला होता. पण नदीचं दृश्य आलं आणि थिएटर रडायला लागलं. पुढच्या रांगेतल्या बायका पदर तोंडाला लावून मुसमुसत होत्या. एक पुरुष नाक शिंकरत बाहेर गेला. बाबा माझ्या कानात म्हणाले, "बघ, बघ." मी डावीकडे बघितलं. आई रडत नव्हती. ती पडद्याकडे अशी बघत होती जसं एखाद्या तापलेल्या पोराच्या अंगाला हात लावून बघावं.

घरी आल्यावर तिने चहा टाकला. गोखलेकाकू, गिरणीवाला, शेजारीपाजारी येऊन कौतुक करून गेले. सगळे गेल्यावर आईने मला विचारलं, "मंजू, एवढी कशी रडलीस गं?"

मी म्हणाले, "बाबांनी मला सांगितलं की तू मेलीस."

आईने चहाचं भांडं खाली ठेवलं. बाबांकडे बघून विचारलं, "काय सांगितलंत?"

बाबा खिडकीपाशी उभे होते. त्यांनी सांगितलं. पट्ट्याचं आणि पदराचंसुद्धा सांगितलं, आवाज खाली जात जात. मग ते माझ्याकडे बघायला लागले. त्यांच्या जिभेवर पुढचं वाक्य आहे हे मला स्वच्छ दिसत होतं. ती फिल्म वाया गेली, पडद्यावर तू पाहिलंस ते हिने सगळं माहीत असून केलं, माझ्या सांगण्यावरून नाही. एवढं म्हटलं असतं तर त्यांचा अर्धा गुन्हा माझ्या गळ्यात पडला असता, आणि तो माझाच होता. मी त्यांच्याकडे बघितलं आणि रडायला लागले. रडणं मला आता यायचं. आईने मला ओढून पोटाशी धरलं. बाबांनी तोंड मिटलं, पायात चपला घातल्या आणि बाहेर निघून गेले.

दुसऱ्या दिवशी मला शाळेत न पाठवता आई ठाण्याला घेऊन गेली. ती त्याआधी एकटी कधी ठाण्याला गेली नव्हती. नौपाड्यातल्या दुकानात तावडे शेठ गिऱ्हाइकाला लादी दाखवत होते. आईला बघून खूश झाले. "या या वहिनी. मंजूने तर कमाल केली. पुढचे दोन पिक्चर हिचेच, मिस्टरांना बोललोय मी."

"ही आता काम करणार नाही," आई म्हणाली. "सिनेमातही नाही आणि गाण्यातही नाही."

"असं कसं वहिनी? मिस्टर हो म्हणालेत. त्यांच्याशी बोलून तर बघा."

"मिस्टरांनी मला मारलेलं आहे," आई म्हणाली. "तुमच्यासमोरच ना? मेलेलं माणूस परत येऊन बोलतंय, तर ते शेवटचंच धरा."

तावडे शेठनी हातातली लादी खाली ठेवली. त्यांनी आम्हाला थंड मागवतो म्हटलं. आई पायऱ्या उतरून चालायला लागली. स्टेशनाकडे जाताना तिने हातगाडीवरून मला चिंचा घेऊन दिल्या, कागदाच्या पुडीत, वर मीठ घालून. मी सगळ्या खाल्ल्या. माझी जीभ सोलून निघाली.

माझी कारकीर्द इथे संपली. तावडे शेठ परत लाद्या विकायला लागले, त्यात ते हुशार होते. भाऊसाहेबांचं पुढे काय झालं ते माहीत नाही, चौकशी करावीशी कधी वाटली नाही. मी कल्याणच्या एका शाळेत तीस वर्षं गणित शिकवलं आणि स्नेहसंमेलनात मुलींना रिबिनी बांधून नाचवणाऱ्या सहकाऱ्यांशी भांडत आले. बाबा कचेरीत जात राहिले. पेटी त्यांनी पुन्हा उघडली नाही. आईने त्यांच्याबरोबर आणखी तेहतीस वर्षं संसार केला, त्यांचं पथ्यपाणी केलं, त्यांच्या आजारपणात उशाशी बसली. पण त्या दिवसानंतर तिने त्यांना "अहो" म्हणून कधी हाक मारली नाही. वाक्य मधूनच सुरू करायची. "पाणी तापलंय." "छत्री विसरलीत." नवीन माणसाला ते लक्षातही यायचं नाही. बाबांना रोज यायचं. आणि ते मी तेहतीस वर्षं ऐकत राहिले. सुट्टीला माहेरी आले की ऐकायची आणि मनात म्हणायची, बरं झालं, यांची लायकीच ती आहे. बाबांचा तिरस्कार करणं मला सोपं होतं. आईने मला त्याचा परवानाच देऊन ठेवला होता, आणि तो मी कसा मिळवला हे तिला कधी कळलं नाही. ती गेली ती मला फसवलं गेलेलं लेकरू समजूनच.

ती गेल्यावर बाबा माझ्याकडे राहायला आले. एका दुपारी मी त्यांना पेज भरवत होते. त्यांना चमचा धरवत नसे. मी विचारलं, "बाबा, त्या दिवशी तुम्ही आईला सांगितलं का नाहीत? की मी दुसऱ्यांदा आपण होऊन रडले म्हणून?"

त्यांना लगेच आठवलं. विचार करावा लागला नाही. "माझ्यावर ती चिडलेलीच होती," ते म्हणाले. "एकावर चिडून निभतं गं. दोघांवर चिडली असती तर ती राहिली कुणाजवळ असती?"

मी चमचा वाटीत ठेवला. इतक्या वर्षांत या माणसाबद्दल मी जे जे मनाशी जमवलं होतं त्याचं आता काय करायचं, ते मला कळेना. मी काहीतरी बोलणार होते. माफी मागणार होते बहुतेक. पण बाबांना गप्प राहवलं नाही. त्यांचे डोळे चमकले, हाडं उरलेला हात त्यांनी वर केला आणि हवेत एक उतरती रेघ ओढली.

"पण शेवटचा तो हुंदका, मंजू," ते म्हणाले. "कुठून आणलास तो? काय उतरवलास."

मी त्यांचं तोंड पुसलं आणि पुढचा चमचा भरला. मला राग यायला हवा होता. मला बरं वाटलं. सबंध दुपार मला बरं वाटत राहिलं.